बातमीदार कॅमेरा घेऊन निघतो तेव्हा: कूपर, हॅरिसन आणि बख्तियारींचं स्थलांतर

रानवाट
७ जून, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. बरेच दिवस इथे नुसता वाचत होतो, आज लिहावंसं वाटलं.

अकरा वर्षं एका दैनिकाच्या जिल्हा आवृत्तीत बातमीदारी केली. पाणीटंचाई, ऊसदर, बिबट्या, जत्रा, पुन्हा पाणीटंचाई. चार वर्षांपूर्वी नोकरी सोडली आणि तेव्हापासून लहान माहितीपट करतो. यंदा मे महिन्यात एका धनगर वाड्याबरोबर, म्हणजे मेंढपाळ कुटुंबांच्या तांड्याबरोबर, नऊ दिवस चाललो. कोकणातून वरंध घाट चढून भोर, तिथून शिरवळच्या पुढपर्यंत. वाडा फलटणच्या बाजूचा, पाऊस पडायच्या आत घरी पोचायच्या घाईत.

परत आलो, चित्रीकरण संगणकावर उतरवलं आणि संकलनाला हातच लागेना. म्हणून त्या रात्री एक जुना मूकपट लावून बसलो: 'ग्रास', म्हणजे गवत, १९२५ सालचा. त्यावर बोलायला हा धागा.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. मेरियन कूपर हा अमेरिकन माणूस. आधी वर्तमानपत्रांत बातमीदार, मग पहिल्या महायुद्धात वैमानिक. १९१८मध्ये त्याचं विमान पाडलं गेलं, जळलेल्या हातांनी ते उतरवून तो वाचला. मग पोलंडच्या बाजूने बोल्शेविकांविरुद्ध लढायला गेला, पुन्हा पाडला गेला, कैदेत पडला आणि पळाला. अर्नेस्ट शोडसॅक हा लष्करात आणि वृत्तपटांत तयार झालेला कॅमेरामन. तिसरी मार्गरीट हॅरिसन, बाल्टिमोरच्या एका दैनिकातली बातमीदार. हे तिघं १९२४च्या वसंतात इराणातल्या बख्तियारी टोळ्यांबरोबर निघाले. खुजेस्तानच्या मैदानात ऊन वाढलं की गवत करपतं. मग सगळी जमात जनावरं घेऊन कारून नदी ओलांडते, झर्दकूह हा चार हजार मीटरहून उंच बर्फाळ डोंगर पार करते आणि पलीकडच्या हिरव्या खोऱ्यांत उतरते. पडद्यावर आकडा येतो, ५०,००० माणसं आणि पाच लाख जनावरं.

नदीचा प्रसंग मी तीनदा मागे नेऊन पाहिला. पूल नाही, होडी नाही. शेळ्यांची कातडी तोंडाने फुगवतात, ती काठ्यांना बांधून तराफा करतात. त्यावर बायका, पोरं, करडं, कोंबड्या. पुरुष एकेक फुगवलेलं कातडं पोटाखाली धरून पाण्यात उतरतात आणि हजारो मेंढ्या-शेळ्यांना प्रवाहातून पलीकडे हाकतात. पाणी वितळत्या बर्फाचं. काही जनावरं डोळ्यांदेखत वाहून जातात आणि कॅमेरा तिथून हलत नाही. मला आपल्याकडची भोपळ्यांची सांगड आठवली. कृष्णाकाठी आमचे आजोबा तिच्यावर पोहायला शिकले होते.

मला जे सतावतंय ते पुढे आहे. सव्वा तास संपल्यावर मी स्वतःला विचारलं, यातली किती माणसं मला नावानिशी आठवतात? दोन. हैदर खान हा म्होरक्या आणि त्याचा लहान मुलगा लुफ्ता. बाकी सगळा लोंढा. तो लोंढा इतका भव्य आहे की श्वास रोखला जातो. मग मी माझं स्वतःचं चित्रीकरण काढलं. नऊ दिवसांचं, बहात्तर तासांचं. त्यातही मेंढ्यांचा लोंढा, घाटाची वळणं, धुळीतलं ऊन. सुंदर आहे. नावं मात्र वहीत चारच सापडली. जिल्ह्याची बातमी लिहिताना मी नाव, वय, गाव विचारल्याशिवाय पुढे जात नव्हतो. कॅमेरा हातात आल्यावर ही सवय कुठे गेली?

तुमच्यापैकी कोणी पाहिलाय का हा चित्रपट? बोला.

ओढाकाठ
७ जून, रात्री ११:१५

वाचतेय. वाचनखूण साठवली. कुठे बघायला मिळेल?

रानवाट
७ जून, रात्री ११:२२

@ओढाकाठ, १९२५चा असल्यामुळे १ जानेवारी २०२१पासून अमेरिकेत तो स्वामित्वहक्कातून मोकळा झालाय. जालावर सहज सापडतो. मूकपट आहे, पाट्या इंग्रजीत आहेत. आवाज बंद करून पाहा असं सुचवेन, कारण वेगवेगळ्या प्रतींना नंतर कोणी कोणी संगीत जोडलंय.

प्रकाशकोन
८ जून, सकाळी ७:०५

पाहिलाय, दोनदा. मी छायाचित्रणातला माणूस, त्यामुळे त्या बाजूने बोलतो.

शोडसॅककडे हाताने फिरवायचा कॅमेरा होता. सेकंदाला दोन फेरे, फेऱ्याला आठ चौकटी, म्हणजे सेकंदाला सोळा. पस्तीस मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी बसतात. म्हणजे सेकंदाला एक फूट फिल्म जाणार आणि हजार फुटांत साधारण सोळा-सतरा मिनिटं मिळणार. त्या काळची फिल्म नायट्रेटची, भडका उडणारी. ती खेचरावर लादून उन्हातून मग बर्फातून न्यायची, तंबूत किंवा काळ्या पिशवीत चाचपडत बदलायची. वाटेत उघडून पाहायची सोय नाही. महिनोन् महिने आपण काय टिपलंय हे कळण्याचा मार्गच नाही.

@रानवाट, तुमच्याकडे बहात्तर तास आहेत. त्याच्याकडे फिल्म संपत आली होती, म्हणून प्रत्येक फेऱ्याला तो आधी ठरवत होता की कुठे उभं राहायचं. बर्फाच्या चढाची ती प्रसिद्ध चौकट आठवा: पांढऱ्या उतारावर नागमोडी काळी रेघ, आणि मग लक्षात येतं की ती माणसं आहेत. ती चौकट मिळवायला त्याला लोकांच्या आधी, समोरच्या उतारावर, तिपाई घेऊन चढावं लागलं असणार. पुढे जाऊन वाट पाहायची, लोक येऊन निघून गेले की सामान आवरून पुन्हा त्यांना गाठायचं. म्हणजे टोळी एकदा चालली तर तो दीडदा चालला. लांबून घेतलेली दृश्यं जास्त आहेत त्यामागे हेही कारण आहे. जवळ जायला वेळ लागतो, आणि चालत्या माणसाजवळ वेळ नसतो.

माणदेशी
८ जून, दुपारी १:३०

मी मेंढपाळाच्या घरातला. आता शिक्षक आहे, पण बारावीपर्यंत दरवर्षी दिवाळीनंतर शाळा सोडून वाड्याबरोबर जात होतो. तुमचा धागा वाचला आणि लगेच मोबाईलवर चित्रपट लावला. आईलाही दाखवला. ती अठ्ठावीस वर्षं चालली आहे.

आई नदीच्या प्रसंगाला काही बोलली नाही. एका ठिकाणी मात्र म्हणाली, "थांबव." एक बाई पाळण्यासकट लेकरू पाठीवर बांधून बर्फात चढतीय. आई म्हणाली, "हिनं पाळणा उजव्या अंगाला का कलता बांधलाय बघ. डावीकडं दरी हाय." मी पुन्हा लावून बघितलं. खरंच उजवीकडं कलता होता. वरच्या पाटीत त्याबद्दल एक अक्षर नाही.

रानवाट दादा, तुम्ही नावांबद्दल लिहिलं, ते लिहिलंत म्हणून बोलतो. मी सातवीत असताना एका वाहिनीचे लोक आमच्या वाड्यावर आले होते. दोन दिवस राहिले. आजीनं त्यांना भाकरी करून घातली, दूध दिलं, ओवी म्हणून दाखवली. तीन महिन्यांनी कोणाच्या तरी घरी टीव्हीवर लागलं. आजी दिसली तेव्हा खाली लिहिलं होतं, 'भटकी महिला'. आजीला वाचता येत नव्हतं. तिनं मला विचारलं, काय लिवलंय? मी सांगितलं, "तुझं नाव लिहिलंय." आजही तो खोटेपणा मनात आहे.

अबोली
८ जून, दुपारी ३:५०

@माणदेशी, तुमचा प्रतिसाद वाचून बराच वेळ काही लिहिता आलं नाही. आईंना माझा नमस्कार सांगा.

मी निवृत्त उपसंपादक, पुरवणीत आयुष्य गेलं. मला मार्गरीट हॅरिसनबद्दल सांगायचंय. या चित्रपटावर बोलताना कूपरचं नाव पहिलं येतं, कारण पुढे १९३३मध्ये त्याने आणि शोडसॅकने 'किंग काँग' केला. हॅरिसन मात्र तळटीपेत जाते.

ती बाल्टिमोरच्या सधन घरातली. १९१५मध्ये नवरा गेला, मागे मुलगा आणि कर्ज. बातमीदारीचं कुठलंही शिक्षण नसताना ती वर्तमानपत्रात समारंभांच्या बातम्या लिहायला लागली. युद्ध संपता संपता अमेरिकी लष्करी गुप्तहेर खात्यात शिरली, बातमीदाराच्या ओळखीवर आधी बर्लिन, मग मॉस्को. तिथे पकडली गेली आणि लुब्यांकाच्या तुरुंगात महिने काढले. त्याआधी मॉस्कोत असताना तिने ज्या कैद्यांना अन्न पोचवलं त्यांत एक जण खोट्या नावाने राहत होता. अंगावरच्या जुन्या आतल्या कपड्यावर कोणाचं तरी नाव छापलेलं होतं, तेच त्याने आपलं म्हणून सांगितलं होतं. तो कूपर. वॉर्सात एका समारंभात दोघांची आधी ओळख झालेली होती.

काही वर्षांनी चित्रपटाचा बेत ठरला तेव्हा एकूण १०,००० डॉलर उभे राहिले, त्यातले निम्मे हॅरिसनचे. ती सोबत येऊ नये असं शोडसॅकला वाटत होतं. ती आली, सगळी वाट चालली, आणि सुरुवातीच्या भागात पडद्यावर प्रवासी म्हणून दिसते. पण बख्तियारी बायकांच्या राहुट्यांत जे बोलणं झालं असेल, ते चित्रपटात कुठेच नाही. तिघांत बाई ती एकटी. राहुटीच्या आत जाण्याची मोकळीक कोणाला असेल तर तिलाच. आणि त्याच बाजूला चित्रपट आंधळा आहे. मूकपट म्हणून आवाज नाही हे मान्य, पण पाट्या होत्या की! त्या पाट्या पुढे अमेरिकेतल्या प्रेक्षकासाठी लिहिल्या गेल्या. त्यात माणसांच्या आणि जनावरांच्या तोंडी हलकेफुलके विनोद घातलेत. 'विसरलेले लोक', 'आर्यांचे पूर्वज' अशी चौकट बसवली आहे. बख्तियारी स्वतःला विसरलेले समजत नव्हते. तो शब्द बघणाऱ्याचा आहे.

एक आनंदाची गोष्ट, जी फार लोकांना ठाऊक नसते. १९२५मध्ये हॅरिसन आणि आणखी तीन जणींनी स्त्री भूगोलवेत्त्यांची संस्था स्थापन केली, कारण संशोधक-प्रवाशांची मोठी मंडळं बायकांना घेत नव्हती. त्या चौघींतली गर्ट्रूड इमर्सन पुढे भारतात आली, वनस्पतिशास्त्रज्ञ बोशी सेन यांच्याशी लग्न करून अल्मोड्याला स्थायिक झाली.

खाडीपल्याड
८ जून, संध्या. ७:२०

कुवेतहून लिहितोय. कामानिमित्त काही काळ अहवाजला होतो. कारूनच्या काठीच राहत होतो, म्हणून हा धागा उघडला.

ती नदी आता त्या चित्रपटातली नाही. १९७६पासून तिच्यावर मोठी धरणं होत गेली, २००५मध्ये कारून-३ भरलं. आणखी एक गोष्ट ध्यानात घ्या. झर्दकूहचं बर्फ हे कारूनचंही पाणी आणि पलीकडे इस्फहानला जाणाऱ्या झायंदेहरूदचंही. कूहरंगचा पहिला बोगदा १९५३मध्ये झाला आणि कारूनच्या उगमाकडचं पाणी डोंगरातून पलीकडे वळवलं. नंतर आणखी बोगदे. खाली खुजेस्तानात उन्हाळ्यात धुळीची वादळं येतात, पाणी खारट लागतं, लोक पाण्यासाठी रस्त्यावर उतरतात. वर इस्फहानात शतकानुशतकांचे पूल कोरड्या पात्रावर उभे असतात. एकाच डोंगराच्या बर्फावर दोन्ही बाजूंचा जीव टांगलेला.

१९२४च्या आसपास काय चाललं होतं तेही पाहायला हवं. इराणातलं पहिलं खनिज तेल १९०८मध्ये मस्जिदसुलेमानला लागलं. तो बख्तियारींचाच मुलूख. विहिरींच्या राखणीसाठी खानांना पैसे मिळत होते. १९२५मध्ये रेझा खान शाह झाला आणि नंतरच्या वर्षांत टोळ्यांना सक्तीने एका जागी बसवण्याचं धोरण आलं. वाटा अडवल्या, जनावरं मेली. त्यामुळे 'ग्रास'मध्ये जे दिसतं ते सक्ती यायच्या जेमतेम आधीचं आहे. पाट्या कितीही वाईट असोत, ती वाट, तो उतार, त्या अनवाणी पायांनी बर्फात फोडलेला मार्ग, याचा दुसरा इतका मोठा हलता दस्तऐवज त्या काळातला माझ्या तरी पाहण्यात नाही. अमेरिकेच्या संसद ग्रंथालयाने १९९७मध्ये जतन करायच्या चित्रपटांत त्याला घेतलं ते योग्यच.

माणदेशी
८ जून, संध्या. ७:४८

> सक्तीने एका जागी बसवण्याचं धोरण

आमच्याकडं सक्ती नाही कुणी केली, पण कुरणं गेली. गायरानावर सौर पट्ट्या, माळावर प्लॉटिंग, वनखात्याचे चर. घाटात चार पदरी रस्ता झाला तेव्हा ट्रक आला की आई घोड्याच्या डोळ्यांवर पदर टाकायची, नाहीतर घोडा पाठीवरच्या बिऱ्हाडासकट दरीकडं उसळायचा. बाप्ये मेंढरं घेऊन रानातनं चरवत जातात. डांबरी रस्त्यानं घोडी, कोंबड्या, कोकरं आणि पोरं घेऊन बायकाच चालतात. हे कधी कुठल्या फिल्ममध्ये नीट बघितलं नाही. सगळे मेंढरांच्या मागं जातात, कारण मेंढरं दिसायला चांगली दिसतात.

रानवाट
९ जून, सकाळी ६:१०

रात्रभर झोप नाही. पहाटे उठून बहात्तर तासांतलं पाहत बसलो.

माणदेशी दादा, तुम्ही म्हणता ते शब्दशः खरं आहे. नऊपैकी सात दिवस मी मेंढरांमागे आहे. बायकांच्या बाजूला फक्त मुक्कामाच्या वेळी पोचलोय: पाल ठोकलं जातंय, वाघूर, म्हणजे मेंढरांभोवतीचं जाळं, लावून झालीय, चूल पेटलीय. मधले बारा-चौदा किलोमीटर त्या रस्त्याने कशा आल्या ते माझ्याकडे नाही. एका जागी पाच-सात सेकंदांचं एक दृश्य आहे. एक मुलगी, दहा-अकरा वर्षांची, घोडीच्या लगामाला धरून घाटाच्या वळणावर उभी आहे आणि समोरून येणाऱ्या मालमोटारीला हाताने 'थांब' म्हणून खूण करतेय. मोटार थांबते. मी तेवढं घेऊन कॅमेरा पुन्हा मेंढरांकडे वळवलाय. तिचं नाव वहीत नाही.

अबोलीताई, हॅरिसनबद्दल इतकं मला माहीत नव्हतं. मनापासून आभार.

आता मूळ मुद्द्यावर येतो. कूपर-शोडसॅकचा मूळ बेत वेगळा होता. एक खेप टोळीबरोबर करायची, त्यातून एक कुटुंब निवडायचं आणि शरदातल्या परतीच्या वाटेवर त्या एका घराची गोष्ट चित्रित करायची. पैसे संपले, फिल्म संपली, ते परत गेले. म्हणजे जो 'ग्रास' आपण पाहतो तो त्यांच्या दृष्टीने अर्धाच. ही चूक सुधारायला ते पुढच्या चित्रपटासाठी सयामला गेले, उत्तरेकडच्या नान भागात. १९२७चा 'चांग'. त्यात एक कुटुंब आहे, नावं आहेत, जंगल आहे, वाघ-बिबटे-हत्ती आहेत. पण पडद्यावरचं कुटुंब जुळवलेलं, प्रसंग रचलेले. पहिल्या ऑस्करच्या वेळी त्याला नामांकनही मिळालं.

म्हणजे पहिल्या वेळी खरी वाट मिळाली, माणूस निसटला. दुसऱ्या वेळी माणूस हवा म्हणून तो रचला. दोन्हीच्या मधली जी गोष्ट होती, तीच माणसं, तीच वाट, दुसरा हंगाम, ती राहूनच गेली. मला वाटतं ही बातमीदारीची खोड आहे. आपण घटनेला जातो, घटना संपली की निघतो. मी चढताना गेलो, भोरला वाडा वर आला, 'चढण पूर्ण' असं मनात वाटलं आणि शिरवळच्या पुढे एसटी पकडली.

प्रकाशकोन
९ जून, सकाळी ९:३०

थोडा असहमत. 'चांग'ला सरसकट खोटं म्हणू नका. त्या काळात माहितीपट नावाचा वेगळा डबाच तयार नव्हता. वाघाच्या पुढ्यात शोडसॅक खरोखर उभा होता, तिथे कुठलीही युक्ती नाही. आणि दुसरं, परत जाणं हा पैशांचा प्रश्न आहे. तुम्ही आठवडाभर मुक्काम वाढवला तर तुमचा निर्माता देणार आहे का? कूपरकडे नव्हते, तुमच्याकडेही नसतील. याला खोड म्हणून स्वतःला दोष देणं मला पटत नाही.

अबोली
९ जून, सकाळी १०:१५

@प्रकाशकोन, पैसे हा अर्धा भाग झाला. 'ग्रास'ची शेवटची चौकट आठवा. डोंगर नाही, गवत नाही, हैदर खानही नाही. एक प्रमाणपत्र आहे! या वाटेने गेलेले हे पहिलेच परदेशी, असं लिहून दिलेलं. खाली हैदर खान, बख्तियारी अमीर जंग आणि तेहरानमधले अमेरिकेचे उपवाणिज्यदूत रॉबर्ट इंब्री यांच्या सह्या. पाच लाख जनावरं आणि ५०,००० माणसं दर वर्षी दोनदा जी वाट चालतात, तिचा शेवट 'आम्ही तिथे पोचलो' या कागदावर. हे पैशांमुळे झालेलं नाही. चित्रपट कोणाचा आहे हे कोणी ठरवलं, त्यामुळे झालं. मी पुरवणीत असताना आम्हीही हेच करत होतो. 'आमचा प्रतिनिधी थेट अमुक ठिकाणी', आणि फोटोत प्रतिनिधी.

खाडीपल्याड
९ जून, दुपारी १२:०५

इंब्रीचं नाव आलं म्हणून. त्या सह्या झाल्या जूनमध्ये. १८ जुलै १९२४ला तेहरानमध्ये जमावाने त्याला ठार मारलं. तो एका सकाखान्याचा, म्हणजे नवसाच्या पाणपोईचा फोटो काढायला गेला होता. तिथे चमत्कार झाल्याची बातमी होती, लोक भावनेने उसळलेले होते. शहरात धार्मिक द्वेषाच्या अफवा पेटल्या होत्या, त्यामागे राजकारणही होतं. हे सगळं आहेच. पण ठिणगी पडली ती कॅमेऱ्यावरून. लोक नको म्हणत होते.

कोणाचीही हत्या समर्थनीय नाही. तरीही हे दोन कागद मी मनात शेजारी ठेवतो. एक हैदर खानची सही असलेला, ज्यात कॅमेरा पाहुणा म्हणून स्वीकारला गेला. दुसरा महिन्याच्या आत निघालेला, त्याच कागदावर सही करणाऱ्या इंब्रीच्या मृत्यूचा. फरक इतकाच की टोळीबरोबर हे तिघं आधी थांबले होते, त्यांचं अन्न खात होते, त्यांच्याच जमिनीवर झोपत होते.

ओढाकाठ
९ जून, दुपारी २:४०

काल रात्री पाहिला. पाळणावाली बाई शोधली. माणदेशींच्या आईंनी सांगितलं नसतं तर मला ती फक्त 'बर्फातली बाई' दिसली असती. आता मला तिच्या पुढे काही दिसत नाही.

एक भाबडी शंका. रानवाट, त्या मुलीचं नाव अजून विचारता येईल ना? वाडा कुठे गेलाय हे तुम्हाला माहीत असेल.

रानवाट
९ जून, दुपारी ३:०५

येईल. म्होरक्यांचा फोन आहे माझ्याकडे. इतकी सरळ गोष्ट मला सुचली नव्हती, नुसता अपराधीपणाच चाळवत बसलो होतो.

माणदेशी
९ जून, संध्या. ६:३०

फोनवर विचारू नका. जा. पाऊस लागला की वाडे घराजवळच्या माळावर असतात, कुणाच्या तरी शेतात मेंढरं बसवलेली असतात. दुपारी बायका वाड्यावरच सापडतील. जेवढं चित्रीकरण झालंय ते सगळं त्यांना दाखवा. संकलनाआधी. आई म्हणते, तुम्हाला जिथं काही दिसत नाही तिथं त्या थांबव म्हणतील.

अजून एक. दिवाळीनंतर वाडे पुन्हा कोकणात उतरतात. उतरण चढणीपेक्षा अवघड, ते तुम्ही बघितलेलं नाही. उतरताना घोडीचे पुढचे पाय घसरतात, कोकरं नवी असतात आणि गाभण मेंढरं हळू चालतात. यायचं असेल तर बायकांबरोबर रस्त्यानं चला. मेंढरांचं चित्रीकरण तुमच्याकडं भरपूर आहे.

प्रकाशकोन
९ जून, रात्री ८:५०

माझं वरचं म्हणणं पैशांपुरतं कायम. पण दिवाळीनंतरचे पंधरा दिवस मी मोकळे ठेवतो. माझा कॅमेरा, माझा खर्च. रस्त्याने चालताना तिपाई नको, ओझं होतं आणि माणूस लांब जातो. छोटी लेन्स घेऊ, म्हणजे दृश्य हवं तर माणसाजवळच जावं लागेल. आवाजासाठी वेगळा माणूस बघा. मालमोटारींच्या गोंगाटातून बायकांचं बोलणं उचलायचं तर त्यांच्या पदराला लहान माईक लावावा लागेल, आणि तो लावायला बाईच हवी.

अबोली
९ जून, रात्री ९:२०

गुडघे साथ देत नाहीत, नाहीतर माईक घेऊन मीच आले असते. पाट्या लिहायला, म्हणजे उपशीर्षकं आणि नावं तपासायला मला बसवा. प्रत्येक नाव आडनावासकट, ज्याचं त्याने सांगितलं तसं. तेवढं काम मी आयुष्यभर केलंय.

रानवाट
१४ जून, रात्री १०:१०

परवा जाऊन आलो. वाडा गावापासून तीन किलोमीटरवर, एका डाळिंबाच्या बागेशेजारच्या पडीक तुकड्यात. पडदा न्यायचं राहिलं होतं. म्होरक्यांच्या वडिलांनी पेटीतलं धोतर काढून दिलं, दोन काठ्यांना बांधून ताणलं. भाड्याने आणलेला प्रक्षेपक, गाडीच्या बॅटरीवर. अडीच तास दाखवलं. पहिल्या अर्ध्या तासात फक्त मेंढरांची नावं ऐकू येत होती, ही कोण, ती कोणाची, तिचं कोकरू कोणतं. मग घाटाचं वळण आलं.

"थांबव," म्हणून आवाज आला. त्या मुलीच्या आजीचा.

तिने सांगितलं की त्याच वळणावर दोन वर्षांपूर्वी त्यांची घोडी गेली. तेव्हापासून वळणाच्या आधी सगळा जथा थांबतो आणि एक जण पुढे जाऊन गाड्या अडवतो. यंदा पहिल्यांदाच ते काम त्या मुलीला दिलं होतं. सकाळी निघताना तिने त्यासाठी भंडारा लावून घेतला होता. नीट पाहिलं तर कपाळावर पिवळं दिसतं. मला ते उन्हाचं वाटलं होतं.

नाव वहीत लिहून घेतलं आहे. इथे टाकत नाही, तिच्या घरच्यांना विचारून चित्रपटातच येईल. ती म्हणाली की दिवाळीनंतर त्या वळणाला ती पुन्हा पुढे जाणार आहे, आणि मी कुठे उभं राहायचं ते ती दाखवेल.